पाच जणांच्या आडोशाने : लेव्हियॉन बेलच्या न खेळलेल्या मोसमाचं प्रकरण

१४ नोव्हेंबर २०१८, बुधवार. अमेरिकन फुटबॉलच्या एनएफएल लीगमधल्या पिट्सबर्ग स्टीलर्सच्या सराव केंद्रातल्या एका लॉकरवरून नावाची पाटी निघाली होती. आत बूट होते, कपडे होते. सहकाऱ्यांनी ते कॅमेऱ्यांसमोर हसत-खिदळत वाटून घेतले. बचावफळीतल्या बड डुप्रीने बुटांचा एक जोड पटकावला. लॉकर होता लेव्हियॉन बेलचा, म्हणजे संघातल्या सर्वात महागड्या रनिंग बॅकचा. आदल्या दिवशी दुपारी चारपर्यंत त्याने एका कागदावर सही केली असती, तर उरलेला मोसम तो खेळला असता. त्याने केली नाही. त्या कागदावरची पूर्ण मोसमाची रक्कम होती १ कोटी ४५ लाख डॉलर. आठवड्याला साडेआठ लाखांहून जास्त.

क्रीडाविश्वातल्या वाटाघाटींची चर्चा निघाली की हे प्रकरण हमखास निघतं, आणि निकालही ठरलेला असतो : पोराने हाव केली, हातचं घालवलं. मला हा निकाल घाईचा वाटतो. बेलचा मूळ हिशेब बरोबर होता, असं माझं मत आहे. त्याने एक गोष्ट मात्र हिशेबात धरलीच नाही, आणि ती गोष्ट त्याच्या नजरेसमोर, अगदी हाताच्या अंतरावर उभी होती.

थांबणारा धावपटू

हा खेळ न पाहिलेल्यांसाठी दोन ओळी. अकरा विरुद्ध अकरा. चेंडू असलेल्या संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं असतं. क्वार्टरबॅक एकतर चेंडू फेकतो, नाहीतर मागे उभ्या असलेल्या रनिंग बॅकच्या पोटाशी देतो. त्यांच्यापुढे पाच धिप्पाड गडी असतात, त्यांना ऑफेन्सिव्ह लाइन म्हणतात. समोरच्यांना रेटून वाट मोकळी करणं हे त्यांचं काम. ते चेंडूला सहसा हात लावत नाहीत, त्यामुळे धावफलकावर त्यांचं नाव येत नाही.

चेंडू मिळाला की बहुतेक रनिंग बॅक नाकासमोर मुसंडी मारतात. बेल थांबायचा. अक्षरशः थांबायचा. पुढच्या गड्याच्या पाठीवर हात टेकून, दार किलकिलं करून गल्लीत डोकावावं तसा तो डावी-उजवीकडे बघायचा. समोरचा बचावपटू अधीर होऊन एका बाजूला झुकला, की दुसऱ्या बाजूच्या फटीतून हा पसार. टीव्हीवर पाहताना आपलाच जीव वरखाली व्हायचा, की अरे, पळ ना!

या थांबण्याने काय साधलं ते ११ डिसेंबर २०१६ ला बफेलोत दिसलं. बर्फ पडत होता, पाय घसरत होते, आणि बेलने ३८ वेळा चेंडू घेऊन २३६ यार्ड काढले. स्टीलर्सच्या इतिहासात एका सामन्यात एवढे यार्ड कुणी धावलं नव्हतं, आणि या क्लबला फ्रँको हॅरिससारख्या नामांकित रनिंग बॅकपासूनची परंपरा आहे. महिन्याभरात प्लेऑफमध्ये मायामीविरुद्ध १६७ आणि कॅन्सस सिटीविरुद्ध १७० यार्ड. वर तो झेलही घ्यायचा. रनिंग बॅक आणि रिसीव्हर, म्हणजे धावणारा आणि झेल घेणारा, अशा दोन माणसांचं काम एकटा करतो म्हणून पगारही तसाच हवा, असं त्याचं म्हणणं होतं. २०१६ साली त्याने हौसेने केलेल्या एका रॅप गाण्यात वर्षाला दीड कोटी डॉलरची मागणी चक्क ओळीत गुंफली होती.

ओहायोतल्या रेनॉल्ड्सबर्गचा हा मुलगा. शाळेत असताना भरती करणाऱ्यांनी त्याला दोनच तारे दिले होते, म्हणजे फारसं दखल घेण्याजोगं नाही. मिशिगन स्टेट विद्यापीठात शेवटच्या वर्षी त्याने १,७९३ यार्ड काढले आणि २०१३ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब आळीपाळीने नवखे खेळाडू निवडतात त्यात, स्टीलर्सनी त्याला दुसऱ्या फेरीत, ४८ व्या क्रमांकावर घेतलं. पुढचा रस्ता सरळ नव्हता. गांजा बाळगल्याचं प्रकरण, त्यातून २०१५ मध्ये दोन सामन्यांची बंदी. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला सिनसिनाटीविरुद्ध गुडघा गेला आणि मोसम संपला. २०१६ मध्ये चाचण्या चुकवल्या म्हणून आणखी तीन सामने बाहेर. हे सगळं क्लबच्या वहीत नोंदलं जात होतं. वाटाघाटीच्या टेबलावर क्लब का कचरत होता, याचं उत्तर काही अंशी इथेच आहे.

खुंटी

बेलचा चार वर्षांचा पहिला करार २०१६ च्या मोसमाबरोबर संपला. चार वर्षांचे मिळून त्याला साधारण ४१ लाख डॉलर मिळाले. एनएफएलमध्ये नवख्यांचे पगार ड्राफ्टमधल्या क्रमांकावरून ठरतात, घासाघीस करायला फारशी जागाच नसते. आणि रनिंग बॅकची गोम अशी, की त्याची सगळ्यात ताकदीची वर्षं नेमकी याच स्वस्त करारात निघून जातात. क्वार्टरबॅक पस्तिशीत चाळीस लाख नाही, चार कोटी मागू शकतो. रनिंग बॅक सत्ताविशीत पोचला की क्लब त्याच्याकडे जुन्या गाडीसारखं पाहू लागतात : किती किलोमीटर झालेत?

करार संपला म्हणजे खेळाडू मोकळा व्हायला हवा. १९९३ मध्ये एनएफएलच्या खेळाडूंना ही मोकळीक मिळाली, पण त्याच समझोत्यात मालकांनी एक खुंटीही ठोकून घेतली : फ्रँचायझी टॅग. दरवर्षी प्रत्येक क्लब एका खेळाडूला टॅग लावून आणखी एक वर्ष बांधून ठेवू शकतो. आयपीएलमधल्या ‘रिटेन’शी याची गल्लत नको, कारण इथे खेळाडूच्या हाती नाही म्हणण्याचा एकच मार्ग उरतो, तो म्हणजे घरी बसणं. मोबदला ढोबळमानाने त्या जागेवरच्या सर्वोच्च पाच पगारांच्या सरासरीइतका, किंवा खेळाडूच्या आधीच्या पगाराच्या १२० टक्के, यातला जास्त असेल तो. बेलला २०१७ मध्ये टॅग लागला, १ कोटी २१ लाख. २०१८ मध्ये पुन्हा लागला, त्यावर २० टक्के वाढ, म्हणून १ कोटी ४५ लाख. तिसऱ्यांदा लावायचा तर ४४ टक्के वाढ देऊन दोन कोटींच्या वर जावं लागलं असतं. रनिंग बॅकवर तेवढा खर्च कुणी करणार नाही, हे सगळ्यांना माहीत होतं.

एका वर्षाचे दीड कोटी डॉलर म्हणजे रडायचं कारण काय, असं कुणालाही वाटेल. पण २०१७ चा मोसम पाहा. ३२१ वेळा धाव आणि ८५ झेल, मिळून ४०६ वेळा बेलच्या हातात चेंडू आला. त्या मोसमात लीगमध्ये सर्वात जास्त. यातल्या बहुतेक वेळा शेवट सव्वाशे किलोच्या माणसाने त्याला जमिनीवर आपटण्यात होतो. पुढच्या वर्षी तो जाणार हे ठरलेलं असताना क्लबने त्याला पिळून घेतलं तर चुकलं कुठे? भाड्याच्या गाडीचं इंजिन कोण जपतं? बेल आणि त्याचा एजंट अदिसा बकारी यांचं म्हणणं थोडक्यात हेच होतं : आणखी चारशे ठोकर खाल्ल्यावर बाजारात उभं राहायचं, तर आत्ताच अंग वाचवलेलं बरं.

स्टीलर्सनी काहीच देऊ केलं नाही असंही नाही. टॅग लागलेल्या खेळाडूशी दीर्घ करार करायची मुदत होती १६ जुलै २०१८. त्या वेळच्या बातम्यांनुसार शेवटचा प्रस्ताव पाच वर्षांचा, ७ कोटी डॉलरचा होता. पहिल्या दोन वर्षांत ३ कोटी ३० लाख, तीन वर्षांत साडेचार कोटी. मग अडलं कुठे? एनएफएलच्या करारातला मोठा आकडा हा बहुतांशी शोभेचा असतो. खेळाडूला मधेच काढलं तर उरलेले पैसे बुडतात. खरा आकडा हमीचा. आणि स्टीलर्सची तेव्हाची जुनी रीत अशी होती की हमी फक्त सही करताना दिलेल्या बोनसची. म्हणजे सात कोटींत पक्के साधारण एक कोटी.

मुदत संपल्यावर आठच दिवसांनी, २४ जुलैला, लॉस एंजलिस रॅम्सनी टॉड गर्लीशी चार वर्षांचा ५ कोटी ७५ लाखांचा करार केला. त्यात हमी ४ कोटी ५० लाखांची. एकूण आकडा बेलच्या प्रस्तावाहून लहान, हमी चौपटीहून जास्त. बेलच्या घरी त्या दिवशी काय बोलणं झालं असेल, ते सांगायला जाणकाराची गरज नाही.

भिंत बोलते

टॅगच्या कागदावर सही न केलेला खेळाडू कायद्याने कुणाचाच नोकर नसतो. त्यामुळे सरावाला न आल्याबद्दल त्याला दंड होत नाही. फक्त मोसम सुरू झाला की दर आठवड्याचे पैसे जातात. २०१७ मध्येही बेलने सराव शिबिराला दांडी मारली होती आणि मोसमाच्या तोंडावर येऊन सही केली होती. यंदाही तो तसाच येईल, असं सगळे धरून चालले होते. क्लब, पत्रकार आणि मुख्य म्हणजे त्याच्यापुढचे पाच जण.

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात तो आला नाही, आणि भिंत बोलू लागली. सेंटर मॉर्कीस पाउन्सी आणि गार्ड रेमन फॉस्टर यांनी पत्रकारांसमोर राग काढला. फॉस्टरची तक्रार साधी होती : तो माझ्या सातपट कमावतो, आणि त्याच्यासाठी राबणार आम्ही.

या तक्रारीपाशी मी दर वेळी अडखळतो. एकाच युनियनचे सभासद, एकाच जाचक नियमाखाली काम करणारे, मग मालकावर चिडायचं सोडून आपल्याच माणसावर का चिडले? पत्रकारांनी तेव्हा याला असूया म्हटलं. मला त्यात आणखी काही दिसतं. बेलच्या प्रत्येक यार्डात त्यांचा वाटा होता, आणि बेल मात्र भाव एकट्याचा मागत होता. पाउन्सी, फॉस्टर, डेव्हिड डीकॅस्ट्रो, अलेहांद्रो व्हियानुएवा, मार्कस गिल्बर्ट. हे पाच जण वर्षानुवर्षं एकत्र खेळलेले. प्रशिक्षक माइक मन्चॅक, जो स्वतः याच जागेवर खेळून हॉल ऑफ फेममध्ये गेलेला. बेलला थांबण्याची चैन परवडायची ती हे पाच जण दोन सेकंद जास्त तग धरायचे म्हणून. भिंत लगेच ढासळणारी असेल, तर मागे थांबणारा माणूस पहिला सापडतो.

९ सप्टेंबरला क्लीव्हलंडच्या पावसात बेलच्या जागी जेम्स कॉनर उतरला. पेनसिल्व्हेनियातल्या ईरीचा पोरगा, शिकला पिट्सबर्ग विद्यापीठात, तिथेच २०१५ मध्ये हॉजकिन्स लिम्फोमा हा कर्करोग निघाला, उपचार घेऊन पुन्हा मैदानात आला, आणि तिसऱ्या फेरीत घरच्याच क्लबने घेतला. शहराने त्याला डोक्यावर घ्यायला एवढं पुरेसं होतं. पहिल्याच सामन्यात १३५ यार्ड आणि दोन टचडाउन, म्हणजे दोनदा चेंडू थेट शेवटच्या रेषेपार. (चौथ्या सत्रात त्याच्या हातून चेंडू निसटला आणि सामना २१-२१ असा बरोबरीत सुटला, हे प्रेमापोटी विसरलं जातं.) मोसमात १३ सामन्यांत ९७३ यार्ड, १२ टचडाउन, दर धावेला साडेचार यार्ड. बेलची आदल्या वर्षीची सरासरी चार होती. कॉनरचा पगार बेलच्या टॅगच्या दहाव्या हिश्शाहून कमी.

डिसेंबरमध्ये कॉनरचा घोटा दुखावला. मग जेलन सॅम्युअल्स नावाचा पाचव्या फेरीतला नवखा आला आणि १६ डिसेंबरला न्यू इंग्लंडविरुद्ध १९ धावांत १४२ यार्ड काढून गेला. स्टीलर्स तो सामना १७-१० जिंकले. बेलच्या बाजारभावाला सगळ्यात मोठा धक्का कुणी दिला असेल, तर त्या संध्याकाळने. क्लबांच्या कचेऱ्यांत बसलेल्यांना जे म्हणायचं असतं ते या पोराने मैदानावर दाखवलं : भिंत बरी असेल तर मागे कुणीही चालतो.

हे अर्धंच खरं आहे. बेलसारखे झेल कॉनरला जमत नव्हते, आणि ९ विजय, ६ पराभव, १ बरोबरी अशा कामगिरीवर स्टीलर्स त्या वर्षी प्लेऑफला मुकले. पण वाटाघाटीत अर्धं खरंही पुरतं.

मधल्या काळात बेलची बाजू सिद्ध करणारी एक घटनाही घडली होती. सिएटलचा सेफ्टी, म्हणजे मागच्या फळीतला बचावपटू, अर्ल थॉमस, हाही करारासाठी रुसून बसलेला, अखेर नाइलाजाने खेळायला आला. ३० सप्टेंबरला त्याचा पाय मोडला. गाडीवरून बाहेर नेताना त्याने आपल्याच क्लबच्या बाकाकडे बघून मधलं बोट दाखवलं. बेल बरोबर म्हणतोय, असं त्या रात्री पुष्कळांना वाटलं. पण गोष्ट पुढे आहे. मोडलेल्या पायाच्या याच थॉमसला मार्च २०१९ मध्ये बाल्टिमोरने चार वर्षांचे साडेपाच कोटी देऊ केले. न मोडलेल्या बेलला त्याच आठवड्यात न्यू यॉर्क जेट्सनी चार वर्षांचे ५ कोटी २५ लाख दिले. थॉमसचा खेळ वेगळा, जागा वेगळी, हे मान्य. तरी वर्षभर जपलेल्या शरीराला बाजाराने वेगळी किंमत दिली नाही, एवढं दिसतं.

न्यू यॉर्कची भिंत

जेट्समध्ये बेलला आणणारा जनरल मॅनेजर माइक मकॅग्नन दोनच महिन्यांत, मे २०१९ मध्ये, बडतर्फ झाला. मुख्य प्रशिक्षक अ‍ॅडम गेस याला रनिंग बॅकवर एवढा पैसा ओतणं मान्य नव्हतं, अशा बातम्या तेव्हाच होत्या. पण माणसांचं राजकारण बाजूला ठेवू. बेलच्या पुढे आता उभी होती लीगमधल्या कमकुवत लाइनपैकी एक. बेल जुन्या सवयीने थांबायचा, आणि फट उघडण्याऐवजी बचावपटूच आत घुसलेला असायचा. २४५ धावा, ७८९ यार्ड, दर धावेला ३.२. सामना बघताना जाणवायचं ते हेच, की माणूस तोच, थांबणं तेच, पण आता ते थांबणं संयमासारखं न दिसता गोंधळल्यासारखं दिसत होतं.

२०२० मध्ये पहिल्याच सामन्यात मांडीचा स्नायू दुखावला आणि १३ ऑक्टोबरला जेट्सनी त्याला काढून टाकलं. १७ सामने, सुमारे २ कोटी ८० लाख डॉलर. त्यानंतर कॅन्सस सिटी. संघ सुपर बोलला, म्हणजे लीगच्या अंतिम सामन्याला पोचला, पण त्या सामन्यात बेलच्या हाती चेंडू पडला नाही. मग बाल्टिमोर, मग टॅम्पा बे. २०२१ नंतर एनएफएल संपली. सप्टेंबर २०२२ मध्ये लॉस एंजलिसमध्ये तो बॉक्सिंगच्या रिंगणात दिसला. समोर अ‍ॅड्रियन पीटरसन, म्हणजे आदल्या पिढीतला सर्वोत्तम रनिंग बॅक. बेलने त्याला पाचव्या फेरीत आडवा केला. पुढे त्याने स्टीलर्स सोडल्याचा पस्तावा जाहीरपणे बोलून दाखवला.

आता कागद-पेन्सिल घेऊन बसू. २०१८ ते २०२० या तीन वर्षांत बेलला मिळाले २ कोटी ८० लाख आणि वर थोडी चिल्लर. स्टीलर्सचा प्रस्ताव घेतला असता आणि त्यांनी मधे काढलं नसतं, तर साडेचार कोटी. टॅगवर एक वर्ष खेळून, धडधाकट राहून, मग हाच जेट्सचा करार मिळाला असता, तर सव्वाचार कोटी. म्हणजे दोन्ही वाटांनी दीड कोटीच्या आसपास नुकसान. पण दोन्ही वाटांत ‘तर’ आहे, आणि २०१८ च्या जुलैत बेलला या ‘तर’वर विश्वास ठेवायला सांगणारे लोक स्वतः त्याची लेखी हमी द्यायला तयार नव्हते. माझं मत एवढ्यापुरतं त्याच्या बाजूने. त्याने शरीर हेच भांडवल धरलं. पण ते भांडवल पिट्सबर्गमध्ये इतकं का पिकत होतं, हे बघायला तो थांबला नाही, जो एरवी फट दिसेपर्यंत थांबायचा.

बेलच्या बंडाने नियमात काही बदललं नाही. २०१९ मध्ये डॅलसचा ईझिकिएल एलियट मोसमाच्या तोंडावर अडून बसला आणि ९ कोटींचा वाढीव करार घेऊन आला, पण मार्च २०२० मध्ये रॅम्सनी गर्लीलाच काढून टाकलं आणि क्लब आणखी सावध झाले. २०१७ मध्ये बेलला लागलेला रनिंग बॅकचा टॅग १ कोटी २१ लाखांचा होता. २०२३ मध्ये सॅक्वॉन बार्कली, जॉश जेकब्स आणि टोनी पोलार्ड यांना लागला तो जेमतेम १ कोटी १ लाखाचा. सहा वर्षांत लीगची तिजोरी फुगली, आणि या एका जागेचा भाव उतरला. त्या जुलैत देशभरचे नामांकित रनिंग बॅक झूमवर एकत्र आले, बोलले. मोसमभर घरी मात्र कुणीच बसलं नाही. बेलचं काय झालं ते सगळ्यांनी पाहिलं होतं.

बार्कलीने न्यू यॉर्क जायंट्समध्ये ते वर्ष काढलं, ९६२ यार्ड, दर धावेला ३.९. मार्च २०२४ मध्ये तो फिलाडेल्फिया ईगल्सकडे गेला. तिथे जेफ स्टाउटलंडच्या हाताखाली घडलेली लीगमधली सर्वात दणकट लाइन होती : जॉर्डन मायलाटा, लँडन डिकरसन, कॅम जर्गन्स, लेन जॉन्सन. मोसमात २,००५ यार्ड, दर धावेला ५.८, आणि सुपर बोलचं विजेतेपद. मार्च २०२५ मध्ये त्याला दोन वर्षांचे ४ कोटी १२ लाख मिळाले. वर्षाला दोन कोटींच्या वर गेलेला तो पहिला रनिंग बॅक.

त्या लाइनमधलं पाचवं नाव मी मुद्दाम मागे ठेवलं. उजवा गार्ड मेखाय बेक्टन. जेट्सनी आपली ढासळती भिंत सावरायला २०२० च्या ड्राफ्टमध्ये अकराव्या क्रमांकावर ज्याला घेतलं होतं, तोच हा. त्याच्या पदार्पणाच्या सामन्यात, बफेलोविरुद्ध, बेलने सहा धावांत १४ यार्ड काढले आणि मांडी धरून बाहेर गेला. महिन्याभराने जेट्समधला त्याचा लॉकरही रिकामा झाला.